बंद पाकिटातली चाल

रमजानातली स्पर्धा. तरावीह आटोपल्यावर, रात्री दहाला
शारजात पहिलं घड्याळ दाबलं जातं.
बाहेर डांबर अजून गरम; आत एसी असा
की प्यादीसुद्धा एकमेकांना खेटून उभी.
मी पंच. दिवसा टायरच्या गोदामात हिशेब लिहिते,
रात्री रबरी तळव्यांच्या चपला घालून पटांमधून फिरते
आणि कुठे मोबाइल कुरकुरतोय का, ते ऐकते.

पाचव्या पटावर नोदार लोमाशविली, ग्रँडमास्टर.
हे बिरूद चाळीस वर्षं नावापुढे टिकलं.
बाकीचं एकेक करून उठून गेलं:
विमानाचं तिकीट काढून देणारा देश,
निकालांच्या तक्त्यांवरून नवऱ्याचा ठावठिकाणा काढणारी बायको,
गुडघ्यांतलं वंगण, दोनशे रेटिंग.
रेटिंग, तो म्हणतो, वाळूसारखं निसटत नाही.
भाड्यासारखं जातं. दर महिन्याच्या एक तारखेला.

अजमानच्या एका खोलीत चार खाटा, त्यातली एक त्याची.
खाटेखाली सूटकेस, सूटकेसमध्ये चषक,
चषकात मोजे.

एकदा करक चहा पिताना त्याने विचारलं,
तिरकं चालतं त्या मोहऱ्याला तुमच्यात काय म्हणतात?
उंट, मी म्हणाले.
त्याने रस्त्याकडे पाहिलं, जणू एखादा येतच असेल.
अरबीत तोच हत्ती.
आणि आमच्यात, तो म्हणाला, कासव.
कासव? या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात एका दमात जाणारं?
नाव ठेवणाऱ्याने, तो म्हणाला,
खेळाडूंचं म्हातारपण पाहिलं असेल.

आज त्याच्यासमोर मौझा.
वय अकरा, पाय जमिनीला टेकत नाहीत.
चार वर्षं दर मंगळवारी त्यानेच शिकवलेली:
चाल दिसली ना, आता हातांवर बस.
त्याहून चांगली दिसेपर्यंत उठवायचे नाहीत.

चौथा तास. दोघांचा एकेक उंट, तिचं एक प्यादं जास्त.
त्याने पंचासाठी हात वर केला.
मी वाकले.
पाकीट आहे का, त्याने हळूच विचारलं.

पूर्वी रात्री डाव तहकूब व्हायचे.
पुढची चाल कागदावर लिहून पाकिटात बंद करायची,
पंचाकडे द्यायची, सकाळी सर्वांदेखत फोडायची.
रीगात एकदा त्याने अशी चाल बंद केली,
मित्रांनी रात्रभर पट मांडून सांगितलं, जिंकलास.
सकाळी पाकिटातून निघाली भलतीच चाल,
त्याच्याच अक्षरात.
ही गोष्ट सांगताना तो नेहमी शेवटी म्हणायचा,
पण झोप काय लागली होती त्या रात्री!

ते सगळं बंद होऊन तीस वर्षं झाली.
आणि पाकीट तर होतं माझ्याकडे, कोटाच्या खिशात.
क्लबच्या सचिवांनी संध्याकाळी दिलेलं:
त्यांचा डाव संपला की द्या.
आत काय, ते विचारावं लागलं नाही.
देताना सचिव माझ्या घड्याळाकडे बघत होते.

नाही सर, मी म्हणाले, तो नियम गेला.

तो ओशाळला. रुमालाने तळवे पुसले.
मग कासव उचलून तीन घरं सरकवलं.

मौझाने दोन्ही हात मांड्यांखाली घातले.
सात मिनिटं.
मग उजवा बाहेर काढला.

त्याने घड्याळ थांबवलं, हात मिळवला,
दोन्ही कागदांवर सही केली,
आणि तिला सांगितलं, एकोणिसावी चाल तरीही वाईट होती.

मी पाकीट पुढे केलं.
त्याने ते दिव्यासमोर धरलं, वजन पाहिलं,
आतल्या खिशात ठेवलं, न फोडता.
सकाळी, म्हणाला. आधी झोप. नियमच आहे तसा.

पट आवरून निघाले तेव्हा
अजमानची शेवटची बस केव्हाच गेली होती.
थांब्याच्या बाकावर तो एकटा,
दोन्ही हातांवर बसलेला.