उघडा नुल

उद्यमबागेत रविवारी भट्ट्या थंड असतात.
कँटीनच्या फरशीवर कालची वाळू करकरते,
अकरा टेबलं, तेहतीस खुर्च्या,
आणि मधोमध आमच्याच साच्यातून निघालेला
अकरा किलोचा बिडाचा कप.
तो वर उचलून दाखवताना दरवर्षी
कुणाची तरी पाठ धरते.

सत्त्याऐंशी साली मोल्डिंगची लाइन बसवायला
एक जर्मन आला. सुटे भाग बंदरात अडकले,
दोन महिन्यांचे सात झाले.
बसून बसून त्यानं तिघांना खेळ शिकवला:
परशराम मुचंडीकर, दस्तगीर मुल्ला, माझे बाबा.
सत्तीखालचे पत्ते विडीच्या डब्यात बंद,
उरले बत्तीस.
गुलाम सगळ्यांच्या वर, एक्क्याच्याही.
हा नियम फौंड्रीत कुणाला दोनदा सांगावा लागला नाही.

अठराला तो म्हणायचा आख्त्सेन.
बाबांच्या तोंडी त्याचं अक्कसेन झालं,
दस्तगीरचाचांच्या तोंडी अख्तर.
बैलहोंगलची पोरं आता सरळ हदिनेंटु म्हणतात
आणि समोरून उत्तर येतं, हाय.
मी हिशेब लिहिते. नुसता आकडा.
आकड्यावर अजून कुणी डांबर फासलेलं नाही.

एकानं वाटायचं, शेजाऱ्यानं ऐकायचं,
त्याच्या पलीकडच्यानं बोलायचं.
बोली जिंकेल तो एकटा, दोघं त्याच्यावर.
पुढच्या डावाला तोच एकटा तुमचा जोडीदार,
मग मगाचा राग ठेवणार कुठं?

शेवटचं टेबल. छत्तिसावा डाव.
वाटले दस्तगीरचाचांनी, पंचेचाळीस गुणांनी पुढे असलेल्या.
ऐकायला ईरण्णा तुरमरी, बाबांच्या खुर्चीत.
बोलायला परशरामकाका,
ज्यांचा एक कान भट्टीनं नेला, दुसऱ्यात मशीन.
"खेळूलालास की झोपूलालास?" मागून कुणीतरी ओरडलं.
काकांना ऐकूच गेलं नाही.
दोन पालथे पत्ते उचलले, दोन ठेवले,
आणि म्हणाले, "नुल. उघडा."

म्हणजे एकही हात घ्यायचा नाही.
दहाच्या दहा पत्ते टेबलावर उताणे,
मांडणारा हात चाळणीसारखा हलतोय.
किलवर बारीक. बदाम बारीक.
इस्पिकचा गुलामसुद्धा सत्ती-नव्वीच्या आडोशाला.
फक्त चौकटची अठ्ठी एकटी,
दारात विसरलेल्या चपलेसारखी.
तिची सत्ती ईरण्णाकडे, हे सगळ्या हॉलला कळलं.

आता दोघांनी मिळून मारायचं. बोलायला बंदी.
डोळा मारायलाही.

मी चाचांच्या मागे बसले होते.
चौकटचा त्यांच्याकडे एकच पत्ता: राजा.
तो आधी कुठंतरी उडवला
की सत्ती येईल, अठ्ठीला ती घ्यावीच लागेल,
काका मेले.
ईरण्णानं इस्पिकचा एक्का टाकला.
चाचांकडे इस्पिक नाहीच. मोकळीक. काहीही टाका.
चाचांनी बदामचा एक्का टाकला.
इस्पिकचा राजा आला. चाचांनी किलवरची राणी टाकली.
तिसऱ्यांदा इस्पिक.
चाचांचं बोट चौकटच्या राजावर गेलं,
थांबलं,
शेजारची दश्शी काढली.

मग सत्ती. वर अठ्ठी.
वर राजा, नाइलाजानं, नियमानं.
हात चाचांचा.
उरलेले हात कुणी नीट खेळलंच नाही.

ईरण्णानं वर बघितलं. "याक री, चाचा?"
"चष्मा घरी राहिला बघ," चाचा म्हणाले,
खिशातल्या चष्म्यावर तळवा ठेवून.

मी लिहिलं: शेहेचाळीस.
जिंकल्याचे पन्नास वेगळे.
पेन मध्येच अडलं, पुन्हा गिरवलं.

कप दोघांनी धरून फाटकापर्यंत नेला.
मुचंडीच्या बसमध्ये
कंडक्टरनं त्याचं अर्धं तिकीट फाडलं म्हणे.