भाग दोन, गंजगोलाई

खरं सांगते, मी पाणी मागितलं होतं.
हात वर केला तो त्यासाठी.
मुठीत खोडरबर होतं, म्हणून मूठ.

पत्र्याखाली नऊशे पोरं, बाहेरनं कडी,
टेस्ट नंबर एकशे अठरा,
आणि भिंतीवरच्या स्पीकरमधून सर म्हणायलते,
तहान ही एक सवय आहे.

सीसीटीव्हीतली ती चार सेकंदं कोणी बाहेर सोडली
मला अजून ठाऊक नाही.
दुसऱ्या दिवशी मी होस्टेलच्या जिन्यात, रिक्षाच्या मागं,
मेसच्या डब्यांवर. चेहरा नाही, नुसता हात.
मनगटातला काळा दोरा तेवढा माझा.

लोक म्हणायले, सुकेशनी, तू प्रतीक झालीस.
प्रतीक तर आमच्या बॅचमधला, चाकूरचा,
जीवशास्त्राच्या नोट्स उसन्या न्यायचा
आणि तेलाचे डाग पाडून परत द्यायचा.

मग पिक्चर आला.
त्यात लातूर दोन हजार एकसष्टचं,
गावाला नाव नाही, नुसता पिनकोड.
मार्क तेवढे लिटर.
नापासांच्या वस्तीत नळच काढून नेलेले.
आणि मी, म्हणजे पुण्याची एक गोरी पोरगी,
टाकीवर चढून बोलते. काय बोलते!
उदगीरच्या टॉकीजात शिट्ट्या पडल्या.
पप्पा वाढवणा पाटीवरचं पंक्चरचं दुकान बंद करून आलते.
मध्यंतरात हळूच म्हणाले,
"एवढं सगळं तू कधी बोललीस गं?"
नाही बोलले, मी म्हणलं.
"मग बरंय."
पण पुढचा अर्धा पिक्चर ते पडद्याकडं नाही,
माझ्या हाताकडं बघायलते.

दुसऱ्या भागाला खरीच पोरगी पाहिजे, म्हणले.
दिग्दर्शक वाईट माणूस नव्हता.
त्यानं मला खुर्ची दिली, स्वतः उकिडवा बसला.
"पहिल्या भागात तू पेटवलंस.
आता तुला शंका यायला पाहिजे. ती दाखव."
ती आहे माझ्याकडं, मी म्हणलं, घरचीच.

गंजगोलाई, सकाळचे सहा, शटरं खाली.
मधोमध अंबाबाई, भोवती सोळा रस्ते,
सोळाही तोंडांना दोऱ्या.
दीडशे रुपये आणि पोह्यांवर आणलेली पोरं,
सगळी करड्या शर्टात, छातीवर आकडा.
एकाला विचारलं, खरा आहे का रे आकडा?
"शर्ट त्यांचा. आकडा माझाच, मागच्या टेस्टचा."

दहा वाजले. अकरा.
जारवाला दोरीपलीकडं अडवून ठेवलेला,
फ्रेममध्ये निळं नको म्हणे.
बाराच्या उन्हात ॲक्शन.

मी हात वर केला.
या वेळी मुठीत काहीच नव्हतं,
त्यामुळं मूठ नीट वळेना, बोटं सुटली.
बोलायचं ते अर्धं पान होतं, रात्रभर पाठ केलेलं.
तोंडातून निघालं: पाणी.

कागदावर पुढं लिहिलं होतं, जमाव गर्जतो.
कोणी गर्जलं नाही.
एक हात वर आला,
मेसमध्ये पोळ्या लाटणाऱ्या बाईचा, पीठ लागलेला.
ती शूटिंगमध्ये नव्हतीच, बघायला थांबलेली.
मग करडे शर्ट. मग दोरीपलीकडचे हमाल,
हातगाडीवाला, त्याच्या खांद्यावरचं लेकरू.
दिग्दर्शक कट म्हणाला.
परत म्हणाला. भोंगा मागवून म्हणाला.
एक हात खाली येईना.
कॅमेरावाल्याचाही एक.

मी तेवढा खाली घेतला.
खांदा दुखायलता.
दोरी उचलून पलीकडं गेले,
दादा, एक ग्लास.
त्यानं काळा दोरा बघितला, मग मला.
"तुम्हीच का त्या?"
नाही, मी म्हणलं, ती तिकडं असंल, गर्दीत.
आणि इतकी घाईनं प्याले
की ग्लास दातावर वाजला.