सेंटर फील्डमधलं टक्कल

एकतीस वर्षं मी हे मैदान राखतो.
खेळाडू मला चेहऱ्यांनी आठवत नाहीत,
गवतावरून आठवतात.

पिचरच्या उंचवट्याची माती रोज उकरली जाते, रोज भरली जाते,
तिच्या लक्षात काही राहत नाही.
पण सेंटर फील्डला, भिंतीपासून तीस पावलांवर,
ऑर्लिन हॉजसन जिथे उभा राहायचा
तिथे ताटाएवढं टक्कल पडायचं
जूनच्या मध्यावर, न चुकता,
आणि मी शिव्या घालत बी टाकायचो.

आला तेव्हा एकोणीसचा होता,
निकाराग्वाच्या ब्लूफील्ड्सचा, बाप झिंग्यांच्या बोटीवर.
आयोवात त्या एप्रिलला बर्फ भुरभुरला,
तर हा ग्लव्ह उघडून उभा.
मग माझ्याकडे येऊन विचारलं,
"यानं गवत मरतं का?"
इतक्या वर्षांत हे विचारणारा
तोच एक.

लोकांना वाटतं आउटफील्डर धावतो.
हिशेब मांडा.
तीन तासांचा खेळ, त्याच्या वाट्याला चार चेंडू,
कधी दोन, कधी एकही नाही.
बाकी वेळ गुडघ्यांवर हात,
दर चेंडूला टाचा उचलायच्या, आता येईल म्हणून,
आणि टेकायच्या.
मोसमाला वीस हजार वेळा.
माझं टक्कल त्या चवड्यांचं.

बघायचा तो नंतर. आधी ऐकायचा.
ठक म्हणजे मागे, ठप म्हणजे पुढे,
आवाज माझ्या छपरीपर्यंत पोचायच्या आत
त्याची पाठ फिरलेली असायची
आणि चेंडू जिथे पडणार
तिथे तो आधीच कंटाळल्यासारखा उभा.
उडी मारणाऱ्यांना टाळ्या मिळतात.
याला उडी लागलीच नाही फारशी.

सहाव्या ऑगस्टात वरून फोन आला.
मोठी लीग, सतरा दिवस.
गवत भरून आलं.

टीव्हीवर एकदाच दिसला:
सामना हातचा गेलेला, नववी इनिंग,
कुणाच्या तरी जागी, तेही डाव्या कोपऱ्यात.
चेंडू तिकडे गेला नाही, कॅमेराही नाही.
शेवटी सगळे हात मिळवत होते तेव्हा
सत्तर नंबरची एक पाठ.
बायकोला म्हटलं, तो बघ.
ती म्हणाली, कुठे?

परत आला. मी विचारलं नाही,
त्यानं सांगितलं नाही.
फक्त म्हणाला, तिथलं गवत
इतकं मऊ की उभं राहिल्यासारखं वाटत नाही.

मग गुडघा.
डॉक्टर म्हणाले बरा आहे, तोही म्हणाला बरा आहे,
आकड्यांत तर काहीच दिसत नव्हतं.
पण टक्कल सरकायला लागलं.
पहिल्या वर्षी दोन पावलं मागे,
पुढच्या वर्षी आणखी तीन.
पाय धावणार नाहीत तेवढं अंतर
तो आधीच उभं राहून कापत होता.
मापाची टेप माझ्याकडे,
मी कुणाला बोललो नाही.
बी मात्र बावीस पावलांवर टाकलं त्या शेवटच्या जूनमध्ये,
आणि तो बघत होता मला टाकताना.
"कळलं तर तुला," म्हणाला.
मी म्हटलं, गवताला कळलं.

जुलैत डेनहार्ट मॅनेजरनं बोलावलं आणि दार लावून घेतलं.
ते दार एरवी उघडंच असतं, बिजागरी कुरकुरते म्हणून.
बारा मिनिटं.
बूट त्यानं माझ्या छपरीत ठेवले, खिळ्यांत माती तशीच,
म्हणाला, ही तुझीच आहे.

ख्रिसमसला फोन येतो कधीकधी.
पोरांना शिकवतो, मैदानात गुरं शिरतात,
पावसानं सगळा चिखल.
कुठलं बी लावू, विचारतो.
मी नावं सांगतो. त्यातलं एकही तिथे मिळत नाही
हे आम्हा दोघांना माहीत आहे.

यंदाचा सेंटर फील्डर चपळ आहे,
एका जागी ठरत नाही.
गवत एकसारखं आलंय.
मालक खूश आहेत.