कोटा फरशी

लग्नाच्या तिथी संपल्या की
मार्केट यार्डामागचं मंगल कार्यालय
कुरणे सरांना तासाला साठ रुपयांनी मिळायचं.
सुनेत्रा मगदूम तिथे एकटी फिरायची, चार चाकांवर,
खुर्च्यांच्या थप्प्यांना प्रेक्षक समजून.

सात वर्षं एकेरी.
मग एका उडीनंतर चाकाखाली
अक्षतेचा एक दाणा आला,
कुणाच्या लग्नातला कोण जाणे.
गुडघा गेला.

सर मला म्हणाले, ‘पोती उचलतोस ना? हिला उचल.’
पन्नास किलो हळद आणि पन्नास किलो माणूस,
फरक एवढाच
की पोतं श्वास रोखून धरत नाही.

आता सरावाआधी दोघं ओणवं होऊन
फरशी झाडायचो.
सापडलेले दाणे ती खिडकीत ठेवायची, चिमण्यांना.
म्हणाली, एकेरीत आपलं आपण पडतो,
इथे पडतानाही तुझ्याकडे बघावं लागतं.

पुण्याला चौथे आलो.
पांढऱ्या पोशाखावर, कमरेशी,
माझ्या दोन्ही पंजांचे पिवळे ठसे.
परीक्षकांनी त्याचेही गुण कापले म्हणे.
सांगलीत लोकांनी वेगळा अर्थ काढला.
हळद ती हळद.

तिने काही न बोलता पोशाख धुतला,
गच्चीवर वाळत घातला.
हा डाग साबणाने जात नाही, उन्हाने जातो,
यार्डातल्या कुणालाही विचारा.
संध्याकाळपर्यंत कापड कोरं.

अजून पोतं खांद्यावर घेताना
मी आधी तीन मोजतो.