मात्रेला एक फेरा

आईचे मामा, माधव फणसे, हाताने सिनेमा काढायचे.
दरबारचं काम. दसऱ्याची स्वारी, हत्तीची अंघोळ,
लाटसाहेब पायऱ्या उतरताना.
हँडलचा वेग चुकू नये
म्हणून मनात त्रिताल धरायचे, मात्रेला एक फेरा.
ओठ हलायचे म्हणे: धा धिं धिं धा.

डबा सापडला रामबागेत, पोटमाळ्यावर.
वर त्यांच्या अक्षरात: 'हत्ती, शिल्लक.'

आत हत्ती नाही.
कृष्णपुऱ्याचा पूल आहे, पुलावर न मावणारी माणसं.
गिरणीची पाळी. सुटलेली नव्हे, सोडलेली.
रिळखात्यातल्या बायका पुढे, केसांत कापूस तसाच,
एकीच्या कडेवर मूल,
एकीच्या हातात जेवणाचा रिकामा डबा,
तो ती बडवतेय.
आवाज नाही.
शे-दीडशे तोंडं उघडतात, मिटतात,
आणि ऐकू येतो फक्त आमचा पंखा.

मग डावीकडून घोडे.
इथे सगळं संथ होतं.
माणसं कमरेएवढ्या पाण्यातून पळावीत तशी पळतात.
एक टोपी हवेत इतका वेळ
की तिची शिवण बघून घ्यावी.
लाठी उतरतच नाही.

मला वाटलं, मशीन बिघडलं.
मशीन चालवणारा इक्बाल म्हणाला, मशीन ठीक आहे.
काढणाऱ्याचा हात जोरात फिरलाय.
तो जितकी घाई करेल
तितकं पडद्यावर सगळं सावकाश.

म्हणजे घाबरले होते मामा.
ताल सुटला होता.
चार सेकंदांची भीती, आम्हाला आठ सेकंद दिसली.
पण चौकट हललेली नाही. तिवई जागच्या जागी.

शेवटी ती डबेवाली
थेट आपल्याकडे बघते, एक शब्द बोलते,
आणि पांढरं.

शेजारच्या नलूताई बिडवई जन्मापासून बहिऱ्या,
ओठ वाचतात.
तीनदा बघितलं, मध्ये चष्मा पुसला,
विजेच्या बिलाच्या पाठीवर लिहिलं:
भाग.
म्हणजे, पळ रे बाबा.
थोडं थांबून खाली:
किंवा, माग.
भ आणि म ओठांवर सारखेच दिसतात.
ती माळव्याची की खानदेशातून आलेली, कळलं तर सांगता येईल.

ते कुठेच लिहिलेलं नाही.
मी झाकण लावलं.
वर अजून हत्तीच आहे.