निशाणी एकतीस

दुपारच्या बोर्डावर केस नव्हती.
शिरस्तेदार म्हणाले, वर्ग झाली. तिसऱ्या मजल्यावर, सतरा नंबरला.
प्रशासकीय कारणास्तव, एवढंच लिहिलं होतं हुकुमात.
खाली सही, आणि अजून न वाळलेला शिक्का.

मी आणि पाटकरने लाल बस्त्यात बांधली ती:
चारशे बारा पानं, सीलबंद कोयता,
जागेचा नकाशा, त्यात खाडी निळ्या पेनाने.
ठाण्याच्या कोर्टात लिफ्ट नेमकी अशा दिवशी बंद.
माणसाएवढी जड आहे रे, पाटकर जिन्यात म्हणाला,
मग काय बोललो ते कळून गप्प झाला.

निशाणी एकतीस माझ्याच बोटांनी उतरलेली.
फशीबाई म्हात्रे, वय अंदाजे साठ,
धंदा मासेविक्री, राहणार कोलशेत.
'मी आरोपी नंबर दोनला ओळखते.'
एक वाक्य. पूर्णविराम.

त्या वाक्याआधी
सरकारी वकिलांनी प्रश्न दोनदा विचारला होता,
पंखा खडखडला होता,
आणि ती पिंजऱ्याकडे बघत राहिली होती,
इतका वेळ
की कीबोर्डवर माझी बोटं गार पडली.
त्याने मान खाली घातली. तिने नाही.
जुन्या साहेबांनी पेन खाली ठेवलं होतं.
हे टाइप करा, असं कुणी म्हणालं नाही.

कायद्याने नोंदलेला पुरावा पुरतो,
नव्या न्यायाधीशांनी तिथून पुढे चालवायचं.
नवे साहेब चांगले आहेत म्हणतात, भराभर वाचतात.
दोन ओळींमधली जागा मात्र मीच सोडलेली:
दीड स्पेस, नियमाप्रमाणे.

चार वाजता ती जुन्याच दालनाबाहेर, बाकड्यावर.
समन्स नसलं तरी येते दर तारखेला,
पायाशी रिकामी पाटी, आत चपला.
मावशी, वर जा. साहेब बदलले.
'त्या सायबांनी बगलंय मना,' ती म्हणाली.
'ह्यांनी कुठं बगलंय?'
मी जिन्याकडे बोट केलं.
'परत सांगू काय मंग?'

नको, सगळं लिहिलेलं आहे, मी म्हणालो.
बरं झालं, मला कुणी शपथ घातली नव्हती.

ती चढू लागली, कठडा धरून,
मधेमधे थांबत.
खालून मी तेवढे थांबे मोजले.
सात झाले, मग वळणावर दिसेनाशी झाली.