काट्यावरची नोंद

जूनच्या शेवटच्या आठवड्यात
ट्रकांची रांग रेल्वेच्या फाटकापर्यंत जायची, म्हणतात.
मी आले तेव्हा निम्मी उरली होती.
आज सकाळपासून नऊ.
कॅन्ससच्या या टोकाला शाळासुद्धा बंद झाली,
उभं आहे ते सिमेंटचं उंच कोठार,
त्याच्या पायाशी काटाघराची खिडकी,
खिडकीत मी.

ओल मोजायचं यंत्र मूठभर दाणे गिळतं,
जरा वेळानं सांगतं : तेरा पॉइंट दोन.
आर्डिथ कूलमन तेवढं थांबत नाही.
ट्रक कुणाचाही असो,
एक दाणा दाढेखाली धरते.
कट्ट.
"तेरा. वरचे दोन तुझ्या यंत्राला ठेव."

तिचं रान आता कंपनी कसते.
हार्वेस्टर उपग्रहाच्या दोरीनं सरळ चालतो,
रात्रीसुद्धा, आतल्या रिकाम्या खुर्चीवर दिवा लावून.
शेजारच्या तीन घरांवरून नांगर गेला,
विहिरी बुजल्या.
एका अंगणातली लिली तेवढी
दर वर्षी गव्हात उगवते,
फवाऱ्यातून कशी वाचते कोण जाणे.
"यंत्र चांगलंय," आर्डिथ म्हणते,
"वेंडेलचे दोन्ही गुडघे गेले त्या जुन्या सीटवर."
आणि विषय बदलते.

आज कॉफीच्या डब्यात गहू घेऊन आली.
विजेच्या खांबापाशी यंत्राला वळता येत नाही,
तिकोनी तुकडा उभाच राहतो.
तो तिनं शिवणाच्या कात्रीनं कापला,
उशीच्या अभ्र्यात घालून बडवला,
टेबलफॅनसमोर उफणला.
"वजन कर. पावती दे."

काटा ट्रकांचा.
वीस पौंडांखालचं त्याला दिसत नाही.
मी डबा मधोमध नेऊन ठेवला.
पडद्यावर शून्य.

माझे वडील बार्शीच्या अडतीत मापाडी.
रास मोजताना पहिल्या मापाला
एक म्हणायचे नाहीत. लाभ म्हणायचे.
लाभ, मग दोन, मग तीन.
एक कुठे गेला, मी विचारायची.
"मोजणं दुसऱ्यापासून," ते सांगायचे,
"पहिलं नुसतं येऊ द्यावं."

छापील पावतीला आकडाच लागतो.
ती बाजूला सारून
पाठकोऱ्या कागदावर लिहिलं :
आर्डिथ कूलमन. गहू, लाल. ओल तेरा.
वजन लाभ.

"हा कुठला आकडा?"
"पहिला."

तिनं कागद चष्म्याशी नेला, उलटा, मग सुलटा,
घडी करून डब्यात टाकला, गव्हावरच,
झाकण दाबलं.
बाहेर दहावा ट्रक
केव्हाचा भोंगा वाजवत होता.